गाडीचा डायनामो, मामंजी आणि मी

‘गाडीतलं बायकांना काय कळतं?’ हे वाक्य तुम्ही कधी ना कधी ऐकलं असेलच. खरं सांगायचं तर मी ते नुसतं ऐकत नव्हते, मनातल्या मनात म्हणतही होते. मिक्सरची झाकणी बसत नाही, कुकरचा व्हॉल्व्ह उडाला, इस्त्रीची वायर तुटली, इथपर्यंत माझी धाव. गाडीचं बॉनेट म्हणजे मात्र सोवळ्यातलं देवघर! आपण लांबूनच नमस्कार करायचा आणि मॅकेनिक सांगेल ती दक्षिणा ठेवायची.

पण पाच महिन्यांत दोन वेळा अशी दक्षिणा ठेवून झाली आणि तिसऱ्यांदा मागणी आली, तेव्हा मात्र मी कंबर बांधली. गाडीचा डायनामो मी घरच्या अंगणात स्वतः काढला आणि दुसरा स्वतः बसवला. तो कसा, हेच आज तुम्हाला सांगणार आहे. तुम्हीही उद्याच पाना घेऊन बसा असं मी म्हणत नाही. पण हे वाचल्यावर निदान तुमची फसगत तरी होणार नाही.

दोन बॅटऱ्या आणि एक लाल दिवा

आमची मारुती ८०० जुनी, २०१२ सालची. ह्यांची नोकरी परगावी, ते शनिवारी येणार, सोमवारी पहाटे जाणार. त्यामुळे गाडी चालवते मीच. माझी शाळा, मुलांच्या वेळा आणि दर पंधरा दिवसांनी मामंजींना डॉक्टरांकडे नेणं, हे सगळं तिच्याच जिवावर. मामंजींना कंपवाताचा आजार आहे. एस.टी.च्या डेपोत त्यांनी उभा जन्म इलेक्ट्रिशियन म्हणून काढला. आता हातातला चहाचा कपही बशीवर वाजतो.

दिवाळीत एका सकाळी गाडी सुरू होईना. नुसतं ‘कट् कट्’ वाजे. गॅरेजवाला आला, म्हणाला, “वहिनी, बॅटरी गेली.” नवी घेतली. होळीनंतर पुन्हा तेच. “बॅटरी खराब निघाली असेल,” म्हणून वरचे पैसे भरून दुसरी घेतली. आणि जून महिन्यात कऱ्हाडहून साताऱ्याला परत येताना, दिवेलागणीच्या सुमारास, समोरच्या काट्यांजवळ बॅटरीचं चित्र असलेला लाल दिवा लागला. हॉर्न वाजवला तर घसा बसल्यासारखा. हेडलाइट लावले तर चिमणीच्या उजेडासारखे पिवळे.

शेजारी मामंजी होते. म्हणाले, “पंखा बंद कर, टेप बंद कर. पण इंजिन बंद करू नकोस. उंब्रजपर्यंत जाऊ. अंधारात पुढं नाही जायचं.” आम्ही एका पेट्रोल पंपावर गाडी उभी केली आणि एस.टी.ने घरी आलो. दुसऱ्या दिवशी टोचन करून गाडी आणली. गॅरेजवाला फोनवर म्हणाला, “बॅटरीच दिसतेय.”

मामंजी खुर्चीतून म्हणाले, “बॅटरीचा काय दोष? तिला कुणी जेवायलाच घालत नाही.”

टाकी आणि मोटर

हे त्यांचं वाक्य मला कळलं नाही, तेव्हा त्यांनी आपल्या घरातलंच उदाहरण दिलं. गच्चीवर पाण्याची टाकी असते. ती भरायला खाली मोटर असते. नळ सोडला की टाकीतलं पाणी येतं, पण टाकी काही स्वतः पाणी तयार करत नाही. मोटर जळली, तर उरलेलं पाणी संपेपर्यंत नळ चालतील, मग ठणठणाट. अशा वेळी कुणी नवी टाकी आणून बसवील का?

गाडीची बॅटरी म्हणजे ही टाकी आणि मोटरीच्या जागी असतो अल्टरनेटर. गॅरेजमध्ये त्यालाच ‘डायनामो’ म्हणतात. फार जुन्या गाड्यांत खरोखरच डायनामो असे. तो गेला, नाव मात्र राहिलं.

इंजिन फिरलं की एक रबरी पट्टा अल्टरनेटरची कप्पी फिरवतो. आत तांब्याच्या तारेची गुंडाळी असते. तिच्यात चुंबक फिरलं की वीज तयार होते. ही वीज घरातल्यासारखी एसी असते, पण बॅटरीला लागते डीसी. म्हणून आत डायोडची प्लेट असते, ती एसीची डीसी करते. शिवाय रेग्युलेटर असतो. इंजिन हळू पळो की जोरात, विजेचा दाब साधारण १४ व्होल्टच्या आसपास ठेवायचं काम त्याचं. आतल्या फिरत्या भागाला वीज पोचवायला दोन कार्बन असतात. मिक्सरचे कार्बन झिजतात ना, तसे हेही झिजतात.

आधी मोजा, मग पैसे मोजा

अल्टरनेटर बिघडला की नाही, हे ओळखायला फार विद्या लागत नाही. विजेच्या सामानाच्या दुकानात साधा मल्टिमीटर मिळतो. त्याची कळ ‘डीसी २०’ वर ठेवायची. लाल टोक बॅटरीच्या अधिक खुणेवर, काळं टोक उणे खुणेवर.

रात्रभर उभ्या असलेल्या गाडीत, इंजिन बंद असताना, चांगल्या भरलेल्या बॅटरीचा आकडा १२.६ च्या आसपास येतो. १२.२ म्हणजे निम्मी रिकामी. १२ च्या खाली म्हणजे उपाशीच.

मग इंजिन सुरू करून पुन्हा बघायचं. आता आकडा वर गेला पाहिजे. साधारण १३.८ ते १४.५. हेडलाइट लावले तरी तो १३ च्या खाली जायला नको. इंजिन चालू असूनही आकडा वर न जाता हळूहळू उतरतच असेल, तर बॅटरीपर्यंत वीज येत नाही, हे नक्की. उलट १५ च्या पुढे गेला, तर रेग्युलेटर बिघडलाय. अशाने बॅटरी उकळते आणि दिवेही उडतात.

आमच्या गाडीची बॅटरी चार्ज करून आणली आणि मोजलं. इंजिन चालू असताना १२.१. पाच मिनिटांनी ११.९.

अल्टरनेटरला दोष देण्याआधी तीन गोष्टी बघायच्या. पट्टा सैल किंवा तुटलेला नाही ना. बॅटरीच्या टोकांवर पांढरा क्षार साचलेला नाही ना. आणि अल्टरनेटरमागच्या वायरी घट्ट आहेत ना. क्षार साचला असेल, तर टोकं सोडवून घ्या. मग कोमट पाण्यात खायचा सोडा घालून जुन्या टूथब्रशने घासा, कोरडं पुसा, टोकं घट्ट बसवा आणि वरून व्हॅसलीनचा हात फिरवा. कित्येकदा एवढ्यावरच भागतं.

एक जुनी खोड मात्र कुणालाही करू देऊ नका. इंजिन चालू असताना बॅटरीची वायर काढून ‘गाडी बंद पडते का बघू’ असं काही जण करतात. जुन्या डायनामोला ते चालून जायचं. अल्टरनेटरचे डायोड त्यानं जळू शकतात, नव्या गाडीतली इतर नाजूक यंत्रंही.

मंगळसूत्र देवापुढे

आमच्या माळ्यावर मामंजींची हत्यारांची लोखंडी पेटी होती. हात थरथरायला लागल्यापासून त्यांनी ती उघडली नव्हती. मी ती खाली काढली, तेव्हा ते काहीच बोलले नाहीत. नुसतं म्हणाले, “तुला नाही जमायचं, सूनबाई.” मी म्हटलं, “तुम्ही सांगा, अण्णा. हात माझे वापरा.” बराच वेळ ते पेटीकडे बघत राहिले. मग म्हणाले, “आधी अंगावरचं सोनं काढ.”

सासूबाईंचा चेहरा बघण्यासारखा झाला! पण मामंजींनी बजावलं, “मंगळसूत्र काढून देवापुढं ठेव. बॅटरीच्या दोन टोकांवर आडवं पडलं, तर लाल होईल आणि गळा भाजेल. ते टाळणं हेच सौभाग्य.” मैत्रिणींनो, हे खरंच गंमतीत घेऊ नका. अंगठी, पाटल्या, घड्याळ, सगळं काढायचं. काचेच्या बांगड्याही, कारण त्या फुटून हात कापतो. साडीचा पदर, ओढणी, मोकळी वेणी पट्ट्याच्या जवळपास नको. मी जुना पंजाबी ड्रेस घातला आणि अंबाडा बांधला.

इंजिन पूर्ण थंड हवं. गाडी सपाट जागेवर, हँडब्रेक ओढलेला, किल्ली काढून घरात.

काढताना

आमच्या गाडीला १०, १२ आणि १४ नंबरचे पाने पुरले. एक लाकडी दांडा, चिमटीभर पॉलिशपेपर आणि नट ठेवायला एक ताटली, एवढंच वरचं सामान. ताटली विसरू नका. एक नट इंजिनात पडला की अर्धा तास गेलाच समजा.

पहिलं काम, बॅटरीची उणे खुणेची वायर काढणं. हे का, ते नीट समजून घ्या. अल्टरनेटरला मागून जी जाड वायर येते, ती थेट बॅटरीची. किल्ली बंद असली तरी तिच्यात वीज असतेच. पाना एकीकडे त्या नटाला आणि दुसरीकडे गाडीच्या पत्र्याला लागला, तर ठिणग्या उडतात. उणे वायर काढून बाजूला बांधली की ही भीती गेली. काढताना ती पहिली, लावताना शेवटची. हे दोन शब्द मी बॉनेटच्या आतल्या बाजूला खडूने लिहून ठेवले होते.

मग मोबाइलवर दोन-चार फोटो काढले. कोणती वायर कुठे, पट्टा कसा बसलाय, हे नंतर आठवत नाही. नुसत्या डोक्यावर विसंबू नका.

अल्टरनेटरमागे रबरी टोपीखाली जाड वायरीचा नट असतो, तो काढला. शेजारी प्लास्टिकचा कपलर असतो. त्याची चाप दाबूनच तो ओढायचा. वायरीला धरून ओढलात तर वायर तुटून हातात येईल.

आता मुख्य काम. अल्टरनेटर दोन ठिकाणी धरलेला असतो. खालच्या लांब बोल्टावर तो झोपाळ्यासारखा हलू शकतो आणि वर एका खाचेच्या पट्टीत दुसरा बोल्ट असतो, त्यानं पट्ट्याचा ताण ठरतो. दोन्ही आधी फक्त सैल करायचे. मग अल्टरनेटर इंजिनाकडे ढकलला की पट्टा ढिला पडतो आणि कप्पीवरून निघतो.

वरचा बोल्ट सहज निघाला. खालचा मात्र दिसेचना, नुसता बोटांना लागत होता आणि गंजलेला होता. मी जोर लावला, पाना सटकला, बोटाची साल गेली. मामंजी खुर्ची पुढे ओढून म्हणाले, “जोर लावू नकोस. तेलाचे दोन थेंब सोड, चहा पी, मग ये.” वीस मिनिटांनी आलो. त्यांनी डोळे मिटले आणि सांगायला लागले, “पाना उभा धर. आता तुझ्याकडं ओढ. झटका नको, अंगाचा भार दे.” कर्रकन आवाज झाला आणि बोल्ट हलला. “निघाला,” डोळे न उघडताच ते म्हणाले.

शेवटचा बोल्ट काढताना एक हात खाली धरून ठेवा. अल्टरनेटर वरवंट्याइतका जड लागतो. बोटांवर पडला तर पुढचे आठ दिवस पोळ्या दुसऱ्यालाच लाटाव्या लागतील!

दुरुस्ती की नवा?

काढलेला अल्टरनेटर पिशवीत घालून मी ऑटो इलेक्ट्रिशियनच्या दुकानात गेले. तो माझ्यासमोर उघडायला लावला. कार्बन झिजून तळाला गेले होते, बेअरिंग खरखरत होतं आणि डायोडची प्लेट काळी पडली होती. नुसते कार्बन किंवा बेअरिंग गेलं असेल, तर तेवढंच बदलून काम भागतं, फार खर्च येत नाही. आमचे तिन्ही भाग गेलेले, त्यामुळे दुरुस्तीचा आकडा नव्याच्या जवळ जायला लागला. म्हणून नवा घेतला.

घेताना जुना शेजारी ठेवून चार गोष्टी मिळवून पाहिल्या: किती अँपिअरचा आहे, कप्पीची खाच तशीच आहे का, बोल्टाची भोकं जुळतात का, कपलर तोच आहे का. दुरुस्त केलेला, म्हणजे ‘रिकंडिशन’ घेतलात, तर दुकानातच मशीनवर फिरवून व्होल्ट दाखवायला सांगा. बिल आणि गॅरंटी लेखी घ्या. पट्ट्याला भेगा दिसल्या, तर तोही आत्ताच बदला. आमच्या गाडीत हाच पट्टा इंजिनाचा पाण्याचा पंपही फिरवतो. तो वाटेत तुटला, तर चार्जिंग तर जातंच, इंजिनही तापतं.

बसवताना

बसवणं म्हणजे काढण्याचा उलटा पाढा. खालचा बोल्ट आधी, पण सैलच. वरचा बोल्टही सैल. पट्टा सगळ्या कप्प्यांच्या खाचांत नीट बसवायचा. मग लाकडी दांड्याने अल्टरनेटर बाहेर रेटून धरायचा आणि वरचा बोल्ट आवळायचा. दांडा त्याच्या भक्कम अंगाला लावा, मागच्या पातळ झाकणाला नको. ते तडकतं.

ताण किती हवा? दोन कप्प्यांच्या मधोमध पट्टा अंगठ्याने चांगला दाबला, तर अर्धा ते एक सेंटिमीटर आत गेला पाहिजे. सैल राहिला तर सुरू करताना ‘चीं’ असा ओरडतो आणि चार्जिंग कमी होतं. फार ताणला तर बेअरिंग लवकर जातं. आपल्याच गाडीचा नेमका आकडा तिच्या पुस्तिकेत असतो, तो बघा. ताण जमला की दोन्ही बोल्ट घट्ट.

मग कपलर, जाड वायर, तिची रबरी टोपी आणि सगळ्यात शेवटी बॅटरीची उणे वायर. इथे एक सूचना. बॅटरी पार उतरलेली असेल, तर ती आधी बाहेरून चार्ज करून आणा. उपाशी बॅटरी एकदम भरायचं ओझं नव्या अल्टरनेटरवर टाकू नये.

किल्ली फिरवली. गाडी पहिल्या झटक्यात सुरू झाली. मी टाळ्या वाजवायच्या बेतात, आणि बघते तर लाल दिवा तसाच! मीटर बारावरच. माझे पायच गळाले. वाटलं, झाले पैसे पाण्यात. आता शनिवारी ह्यांना काय सांगू?

मामंजी शांत. “इंजिन बंद कर. कपलर लावताना टक् असा आवाज ऐकलास?” मी आठवून पाहिलं. नव्हता ऐकला. कपलर अर्धाच बसला होता. दाबला, ‘टक्’ वाजलं. पुन्हा सुरू केली, लाल दिवा विझला आणि मीटरवर आकडा आला १४.१. मी तो त्यांच्यापुढे धरला. चष्मा पुसून त्यांनी दोनदा वाचला आणि घरात ओरडले, “अगं, चहा टाक. सूनबाईंनी डायनामो बसवला!”

गॅरेजवाल्याशी बोलताना

दुसऱ्या दिवशी मी गॅरेजमध्ये गेले. भांडायला नाही. नुसतं विचारलं, “दोन्ही वेळा बॅटरी बदललीत, तेव्हा चार्जिंग किती व्होल्ट येत होतं?” तो गप्प झाला. मोजलंच नव्हतं. मला फसवलं असं मी म्हणणार नाही. पण मीटर लावायला दोन मिनिटं लागतात आणि ती दोन मिनिटं न दिल्यामुळे माझ्या घरचे दोन बॅटऱ्यांचे पैसे गेले. आता तो गाडीला हात लावण्याआधी मीटर लावतो आणि आकडा मला दाखवतो.

म्हणून सांगते, पाना हातात धरायचा नसेल, तर नका धरू. पण हा एक प्रश्न मात्र पाठ करून ठेवा.

हे कधी करू नये

सगळ्याच गाड्यांना हे लागू नाही. हायब्रिड गाडीत जिथे नारिंगी रंगाच्या जाड वायरी दिसतील, तिथे हातही लावू नका. तो विजेचा दाब जीवघेणा असतो. विजेवर चालणाऱ्या गाडीत अल्टरनेटर नसतोच. अलीकडच्या बऱ्याच गाड्यांत पट्ट्याचा ताण आपोआप ठरतो आणि चार्जिंगवर संगणकाचं लक्ष असतं. तिथे मीटरवरचा आकडाही वरखाली होतो. ते काम जाणत्याकडेच द्यावं. काही गाड्यांत अल्टरनेटर खालून काढावा लागतो. नुसत्या जॅकवर उचललेल्या गाडीखाली कधीही, कुणीही शिरू नये.

जुनी बॅटरी भंगारवाल्याला देऊ नका. तिच्यात शिसं आणि आम्ल असतं. नवी घेताना दुकानदार ती परत घेतो आणि थोडे पैसेही कापून देतो. काम झाल्यावर हात साबणाने स्वच्छ धुवा, मगच स्वयंपाकघरात जा.

लोखंडी पेटी आता पुन्हा माळ्यावर गेलेली नाही. ती मामंजींच्या खुर्चीशेजारी असते. परवा समोरच्या वहिनी त्यांची स्कूटर सुरू होईना म्हणून आल्या, तर मी हात पुसून बाहेर यायच्या आत मामंजींचा आवाज आला, “आधी मीटर आण, सूनबाई.”